सड्यावरच्या मैदानाचे उद्यान करावे का?

सड्यावरचा खेळाडू :
रत्नागिरी जिल्ह्यातील आमच्या किनारी गावात सड्यावरच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या उघड्या पठारावरच्या, मैदानाला कुंपण घालून फुलबाग, हिरवळ, फरसबंद वाट आणि बाके करावीत, असा प्रस्ताव ग्रामसभेपुढे येत आहे. माझा त्याला ठाम विरोध आहे. पूर्वी भातकापणीनंतर रिकाम्या झालेल्या मळ्यांत खेळ चाले आणि मृगाच्या पावसाबरोबर तो संपे. कातळावर पडले की गुडघे फुटत, म्हणून आमच्या वडीलधाऱ्यांनी बंद पडलेल्या चिरेखाणीतली लाल माती घमेल्यांनी वाहून आणली आणि सड्यावर कबड्डीचे मैदान केले. पुढे व्हॉलीबॉल आला, मग टेनिसच्या चेंडूचे क्रिकेट, आणि मे महिन्यात चाकरमानी आले की वाडीवाडीचे सामने रंगू लागले. ज्या जागेसाठी गावाने श्रमदान केले, ती ठेकेदाराच्या फरश्यांखाली का जावी?

खालच्या वाडीतली :
माती वाहणाऱ्यांत आमच्या आज्याही होत्या, पण मैदान तयार झाल्यावर त्यांच्या लेकी-नातींना तेथे कधी खेळता आले नाही. ग्वांगझू येथील 2010 च्या आशियाई स्पर्धेत भारतीय महिलांनी कबड्डीचे सुवर्णपदक जिंकले, तरी आमच्या गावात मुलींचा संघ उभा राहिला नाही. संध्याकाळी पाय मोकळे करायचे तर आम्हाला चिऱ्याचे डंपर धावतात त्या रस्त्याच्या कडेने चालावे लागते. उद्यानात निदान म्हातारी माणसे, लहान मुले आणि बायका यांना हक्काने बसता येईल.

निवृत्त तलाठी :
ही जमीन मुळात गुरचरण आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 22 नुसार विशिष्ट कामासाठी राखलेली जमीन जिल्हाधिकाऱ्यांच्या मंजुरीवाचून अन्य कामासाठी वापरता येत नाही. ही अट उद्यानाला लागू आहे, तशीच मैदानालाही. गावाच्या सामायिक जमिनींवरील अतिक्रमणे हटवावीत, असा सर्वोच्च न्यायालयाने जगपाल सिंग प्रकरणात 2011 साली दिलेला आदेशही विसरता कामा नये. केवळ वहिवाटीच्या आधारावर भांडण्यापेक्षा मैदानाची रीतसर नोंद करून घ्यावी.

सड्यावरचा खेळाडू :
नोंद झालीच पाहिजे. मुलींच्या खेळाविषयी म्हणायचे तर महिलांच्या कबड्डीला 12 × 8 मीटर आणि पुरुषांच्या कबड्डीला 13 × 10 मीटर जागा पुरते. ही दोन्ही मैदाने आखूनही क्रिकेटला जागा उरते, आणि चालण्यासाठी सीमेबाहेरून मातीची वाट काढता येईल. उद्यानाची खरी अडचण पाण्याची आहे. येथे वर्षाला 3000 मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, पण जांभ्यातून तो झिरपून जातो आणि एप्रिलमध्ये विहिरी तळाला लागतात. तेव्हा हिरवळीला टँकर आणायचा की माणसांना?

खालच्या वाडीतली :
पाण्याचा मुद्दा मला मान्य आहे. हिरवळ नको, फरशीही नको. पण "जागा उरते" एवढ्या आश्वासनावर मी समाधानी नाही, कारण स्पर्धांच्या दिवसांत सारे मैदान मंडळाच्या ताब्यात असते आणि रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक लावण्यास बंदी असूनही तो चालू राहतो. मुलींच्या सरावाची वेळ, चालण्याची वाट आणि सावलीसाठी कडेने उंडी-करंजाची झाडे ही तिन्ही ठरावात लेखी हवीत. नियमित ग्रामसभेआधी महिलांची ग्रामसभा घेणे कायद्याने बंधनकारक आहे; हा ठराव प्रथम तेथे मांडावा, आणि तेथे तो संमत झाला तर उद्यानाला विरोध करण्यासाठी मी तुमच्या बाजूने हात वर करीन.