पतंगाचे पंख आणि शिंपल्यांची खिडकी

‘गोष्टच नाही, नुसते रंग हलतात, मग बघायचं काय?’ गोष्ट नसलेल्या प्रायोगिक फिल्म्सबद्दल अनेकांना पडणारा हा प्रश्न मलाही पूर्वी पडायचा. अमेरिकी प्रायोगिक चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेजची ‘मॉथलाइट’ (1963) ही छोटी फिल्म पाहिली आणि तो सुटला. तिच्यात कॅमेरा वापरलेलाच नाही. मेलेल्या पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन थरांत दाबली आणि त्या पट्टीवरून प्रिंट काढली. 16 मिमी फिल्मची एक चौकट जेमतेम 10 मिलिमीटर रुंद, आणि सेकंदाला अशा 24 पळतात. त्यामुळे पंख तुकड्यातुकड्यांनी समोर येतो, शिरा लखलखतात, मेलेला जीव फडफडतोय असं वाटतं. आवाज अजिबात नाही. न्यूझीलंडमध्ये जन्मलेल्या लेन लाय या चित्रपटकाराने 1935 सालीच थेट फिल्मवर रंग चढवून ‘अ कलर बॉक्स’ केली होती, तीही सुंदरच. पण मला ब्रॅकेज जवळचा.

त्याचं कारण गोव्यातल्या दिवाडी बेटावरचं आजीचं घर. तिथे शिंपल्यांच्या तावदानांची जुनी खिडकी होती. उन्हं कलली की भिंतीवर दुधाळ पिवळा उजेड उतरायचा, बाहेर माड हलला की तोही हलायचा. आम्ही पोरं आडवी पडून तेवढंच बघत राहायचो. गोष्ट कुणी मागितली नाही!

तेव्हा एक विनंती. ‘मॉथलाइट’ फोनवर बघू नका. खोलीत अंधार करा, मागे गाणी लावू नका आणि संपली की लगेच पुन्हा बघा, चारेक मिनिटांचीच आहे. दुसऱ्या वेळी फक्त पंखांच्या शिरांवर नजर ठेवा.