निबंधपट: निवेदन आणि दृश्यं एकमेकांच्या पायात येतायत

ओळअक्षर
'विसरणं' या विषयावर १८ मिनिटांचा निबंधपट (गोष्टीऐवजी निवेदन आणि दृश्यांतून विचार मांडणारा चित्रपट) जुळवतेय. निवेदन २२०० शब्दांचं आहे. 'घड्याळ' म्हटलं की घड्याळ, 'आठवण' म्हटलं की जुना फोटो, असं वाक्यागणिक दृश्य लावलंय. पण बघताना स्लाइड शो वाटतो, विचार पुढे सरकतच नाही. दृश्यं बदलू की निवेदन?

रीळ
आधी निवेदन. मराठी शांतपणे वाचली तर मिनिटाला साधारण १२० शब्द होतात. त्या हिशेबाने २२०० शब्दांना १८ मिनिटंही पुरत नाहीत, दृश्याला श्वास घ्यायला जागा कुठली? ९००-१००० वर आणा. पडद्यावर जे दिसतंय तेच सांगणारी वाक्यं सगळ्यात आधी काढा.

शिवाय वाक्य थेट कटवर, म्हणजे दृश्य बदलतं त्याच क्षणी, सुरू करू नका. दृश्य दीड-दोन सेकंद नुसतं दिसू द्या, मग आवाज येऊ द्या. मधल्या मोकळ्या जागेत साउंड ट्रॅक मात्र रिकामा ठेवू नका. जिथे निवेदन रेकॉर्ड करता त्या खोलीचा रूम टोन (कुणी बोलत नसतानाचा खोलीचा आवाज) मिनिटभर वेगळा घ्या आणि तिथे अंथरा, नाहीतर आवाज तुटल्यासारखा वाटतो.

मूकचित्र
शब्द कापून दुखणं अर्धंच जाईल. फ्रेंच दिग्दर्शक ख्रिस मार्करने 'लेटर फ्रॉम सायबेरिया' या निबंधपटात याकुत्स्कच्या रस्त्यावरची तीच दृश्यं (बस, मोटार, रस्ता दुरुस्त करणारे मजूर) लागोपाठ तीनदा दाखवली. एकदा स्तुती करणारं निवेदन, एकदा निंदा करणारं, एकदा तटस्थ. तिन्ही वेळा रस्ता वेगळाच दिसतो. फ्रेंच चित्रपट समीक्षक आंद्रे बाझाँने १९५८ मध्ये याला 'आडवं संकलन' म्हटलं: दृश्याचं नातं मागच्या-पुढच्या दृश्यांशी नाही, त्यावर बोलल्या जाणाऱ्या शब्दांशी.

तुम्हीही एखादा २० सेकंदांचा शॉट घ्या, त्यावर २५-३० शब्दांची तीन वेगवेगळी निवेदनं लावून बघा. तिन्ही वेळा अर्थ तोच राहिला तर तो शॉट निबंधपटाच्या कामाचा नाही. घड्याळाचं तसंच होणार, त्याचा अर्थ आधीच ठरून गेलाय. फोटो काढल्यावर भिंतीवर उरलेला गडद चौकोन मात्र दर वाक्याला नवं काही सांगेल.

ओळअक्षर
तसा चौकोन खरंच आहे रशेसमध्ये (न कापलेल्या कच्च्या चित्रीकरणात), वर खिळाही तसाच. पण शॉट जेमतेम ९ सेकंदांचा. स्लो करू?

रीळ
नको. सेकंदाला २५ फ्रेमचं फुटेज निम्म्या वेगाने चालवलं की प्रत्येक फ्रेम दोनदा येते. हलता कॅमेरा असेल तर झटके लगेच कळतात.

मूकचित्र
ताणण्यापेक्षा दोनदा वापरा. तिसऱ्या मिनिटाला निवेदनाशिवाय, मग चौदाव्याला मुख्य वाक्यासोबत. दोन्ही वेळा सुरुवात त्याच फ्रेमवर ठेवा आणि ग्रेडिंग (संकलनात केलेली रंगांची जुळवणी) अजिबात बदलू नका. रंग जरा जरी हलला तर बघणाऱ्याला ती दुसरीच भिंत वाटेल. आणि 'हा चौकोन आपण आधी पाहिला' असं निवेदनात चुकूनही सांगू नका. आठवतंय की नाही, हे त्याचं त्याला शोधू द्या, तुमचा विषयच तो आहे.