टोटल कमांडरची की फाइल टाकूनही 'नॉट रजिस्टर्ड' दाखवतंय

कीबोर्डवाली:
काल विंडोज नव्याने टाकलं. टोटल कमांडरचं (फाइली हाताळायचा प्रोग्रॅम) लायसन्स घेऊन बरीच वर्षं झालीत, त्या लायसन्सची की फाइल पेन ड्राइव्हवर जपून ठेवलेली, ती प्रोग्रॅमच्या फोल्डरमधे कॉपी केली तरी सुरू करताना १, २, ३ पैकी अमुक बटण दाबा ती खिडकी येतेच आणि वर माझ्या नावाऐवजी 'नॉट रजिस्टर्ड'. आधी ३२ बिट होतं, आता ६४ बिट टाकलंय, म्हणून की बाद झाली का? परत विकत घ्यावं लागेल? दिवसभर माझं काम त्यातच असतं हो, एक्सप्लोररमधे हातच चालत नाही.

दोन_पॅनल:
नाही नाही, परत घेऊ नका. ३२ आणि ६४ बिटला तीच की चालते आणि आतापर्यंत अपडेटही फुकटच मिळालेत. आधी फाइलचं पूर्ण नाव बघा, 'विनसीएमडी.की' एवढंच हवं. विंडोज एक्स्टेन्शन, म्हणजे नावातला टिंबानंतरचा शेवटचा भाग, लपवतं त्यामुळे मागे टीएक्सटी चिकटलेलं असलं तरी कळत नाही.

कीबोर्डवाली:
अगदी तेच! मागे टीएक्सटी होतं. काढलं, तरी तसंच. मागे कधीतरी नोटपॅडमधे उघडून बघितल्याचं आठवतंय.

दोन_पॅनल:
मग तिथेच घात झाला. ती टेक्स्ट फाइल नाहीये, नोटपॅडमधून सेव्ह केली की आतलं बिघडतं. खरेदीच्या वेळची मेल शोधा, त्यातली झिप टोटल कमांडरमधेच एंटर मारून उघडा, की इन्स्टॉल करू का असं तोच विचारेल. प्रोग्रॅम फाइल्समधे असेल तर अ‍ॅडमिनची परवानगी मागेल, ती द्या.

कीबोर्डवाली:
सापडली मेल!! वर माझं नाव आलं, खिडकी गेली. खूप खूप आभार, किती हायसं वाटलं सांगू.

बॅकअप_आधी:
आता ती मूळ झिप कीपासमधे (पासवर्ड जपून ठेवायचा प्रोग्रॅम) एंट्री करून अटॅच करून टाका, सोबत कुठल्या मेल आयडीने घेतलं तेही लिहा, कारण की हरवली तर सपोर्टवाले पहिल्यांदा तेच विचारतात. आणि तुमच्याकडे ऑनलाइन अ‍ॅक्टिव्हेशनवाली दुसरी सॉफ्टवेअर असतील तर फॉरमॅट मारायच्या आधी डीअ‍ॅक्टिव्हेट करायला विसरू नका. माझी डिस्क अचानक गेली तेव्हा दोनच मशीनवर चालणाऱ्या एका लायसन्सची एक जागा त्या मेलेल्या मशीनवरच अडकून बसली, ती सोडवून घ्यायला चार मेल लिहाव्या लागल्या.