खल्ल्याची वेणी ओव्हनमध्ये कडेने फाटते, काय चुकतंय?

दिमोनाची_आजी
शालोम, नमस्कार. (खल्ला म्हणजे शब्बाथचा, शुक्रवार संध्याकाळ ते शनिवार संध्याकाळच्या आमच्या विसाव्याच्या दिवसाचा, वेणी घातलेला पाव. 'हल्ला' लिहिलं की मराठीत भलताच अर्थ लागतो, म्हणून खल्ला लिहिते.)

माझा जन्म ठाण्याचा. 1969 साली आईवडिलांबरोबर इस्रायलला आले, तेव्हा आठ वर्षांची होते. आमच्या घरी शुक्रवारी रात्री किड्डूशनंतर (द्राक्षरसावरची प्रार्थना) हमोत्सी, म्हणजे भाकरीवरची प्रार्थना, चपातीवर व्हायची. मोशेच्या काळी रानात शुक्रवारी मान्ना (आकाशातून पडणारं अन्न) दुप्पट पडायचा, म्हणून आई दोन चपात्या पांढऱ्या फडक्याखाली झाकून ठेवायची. खल्ला मी इथे येऊन पाहिला आणि आजवर बेकरीतूनच आणला.

सून पोलंडहून आलेल्या घरातली. आमच्या विहीणबाई दर शुक्रवारी सहापेडी खल्ले घरी भाजायच्या. ऑक्टोबरात त्या गेल्या. तेव्हापासून सून बेकरीचा खल्ला आणते, सगळ्यांना कापून देते, स्वतः तोंडात घालत नाही. मला तिला तिच्या आईसारखा करून द्यायचाय.

विहीणबाईंच्या वहीत मापं आहेत: 1 किलो मैदा, 14 ग्रॅम इन्स्टंट यीस्ट, 120 ग्रॅम साखर, 3 अंडी, 120 मिली तेल, 18 ग्रॅम मीठ, 400 मिली कोमट पाणी. कृती लिहिलेली नाही. हाताला सवय असलेली बाई कृती कशाला लिहील?

रंग सुरेख येतो. पण बाराव्या मिनिटाच्या आसपास पेडांच्या सांध्यातून पांढरं पोट फाटून बाहेर येतं. चार शुक्रवार हेच झालं. पहिल्यांदा दीड तास फुगवते, वेणी घातल्यावर अर्धा तास ठेवते, मग 180 अंशांवर 30 मिनिटं. सध्या साडेचारच्या सुमारास शब्बाथचे दिवे लावायचे असतात, त्याआधी ओव्हन बंद व्हायला हवा, म्हणून जास्त थांबताही येत नाही. लोणी घातलं तर मऊ राहील का असंही मनात आलं, पण ताटात मटण असतं आणि आमच्यात दूध-मांस एकत्र खात नाहीत, तेव्हा ते नाहीच.

रामलेकर
मावशी, तो अर्धा तासच नडतोय. जानेवारीत दिमोनाचं स्वयंपाकघर गार असणार. वेणी घातल्यावर तासभर तरी द्या. पीठ पुरतं फुगलेलं नसलं की गरम ओव्हनमध्ये एकदम उसळी मारतं आणि जिथे कमकुवत तिथून, म्हणजे सांध्यातून, फुटतं. बोटाने हलकेच दाबून बघा. खळगा लगेच भरून आला तर थांबा. हळूहळू, अर्धवट भरला तर आत घाला.

वेळेचं म्हणाल तर गुरुवारी रात्री पीठ मळून तेलाचा हात लावा आणि झाकून फ्रीजमध्ये ठेवा. शुक्रवारी सकाळी काढलं की दुपारपर्यंत निवांत होतं. अंडं दोनदा लावा: वेणी घातल्याबरोबर एकदा, म्हणजे वरची साल वाळत नाही, आणि भाजायच्या आधी पुन्हा. सांध्यांतही ब्रश फिरवा.

ठाणेकर_वहिनी
आजी, वेणी सैल घाला. आपण मुलींची घट्ट घालतो तशी नको, त्याला फुगायला जागा लागते. पेड वळताना आखडून मागे येत असेल तर ओढू नका, गोळे दहा मिनिटं झाकून ठेवा. ओट्यावर मैदा भुरभुरू नका, पेड घसरतात. सहापेडीला उजवीकडचा शेवटचा पेड घ्यायचा: दोघांवरून, एकाखालून, दोघांवरून. मग पुन्हा उजवीकडचाच. टोकं आत दुमडा.

1 किलोला देवाच्या वाट्याचा पिठाचा तुकडा वेगळा काढावा लागत नाही. पावणेदोन किलो भिजवलंत तर बराखा (आशीर्वादाची प्रार्थना) म्हणत काढा. अंडी मात्र एकेक वाटीत फोडून, रक्ताचा ठिपका नाही ना बघून मगच घाला.

दिमोनाची_आजी
शब्बाथ काल संध्याकाळी सुटला, म्हणून आज लिहितेय. पीठ गुरुवारी रात्री मळलं. वेणी घातल्यावर सत्तर मिनिटं ठेवली, दर दहा मिनिटांनी बोट लावून बघत होते. एका खल्ल्यावर तीळ, एकावर खसखस. सांधा कुठेच उघडला नाही. रामलेकर, तुमचे आभार कसे मानू?

सुनेने खल्ला उलटा करून बुडावर बोटाने टकटक केलं. पोकळ आवाज आला. तिची आई असंच करायची म्हणे. मग दोन तुकडे खाल्ले, मीठ लावून. आणि म्हणाली, आई दोन चमचे मध घालायची, ते वहीत नाही.

पुढच्या शुक्रवारी ती स्वतः पेड वळायला येतेय. मध कोमट पाण्यात घालू की तेलाबरोबर? आणि तेवढी साखर कमी करू का? बुधवारपर्यंत सांगा.