कोबी-मुळ्याचं चायनीज मुरवलेलं सॅलड पाण्यात पोहतंय, काय चुकलं?

फोंड्याची_खादाड:
मंडळी मदत करा. थंडीत मुळा, गाजर, नवलकोल सगळं ताजं दिसलं म्हणून म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातनं पिशवी भरून आणली आणि ते चायनीज टाइपचं मुरवलेलं सॅलड करायला घेतलं. अर्धा किलो कोबी, दोन मुळे, दोन गाजरं, एक नवलकोल, सगळं लांब पातळ चिरलं, त्यावर व्हिनेगर, सोया सॉस, साखर, तिळाचं तेल, आलं-लसूण ओतून डबा रात्रभर फ्रीजमध्ये. सकाळी उघडला तर अर्धा डबा तपकिरी पाणी, आणि वास असा की नवरा म्हणतो सिलिंडर लीक होतोय का बघ. सासूबाईंनी एक घास घेतला नि विचारलं, हे लोणचं का कोशिंबीर? व्हिनेगर घरचंच, माडाच्या सुरेचं. त्याच्यामुळे झालं का? रविवारी पाहुणे आहेत.

पिळून_घ्या:
व्हिनेगर बिचाऱ्याचा दोष नाही. मीठ लावलं होतंत का आधी? नसणारच. खमंग काकडी करताना आपण काकडी चोचवून मीठ लावून पिळतो ना, तेच इथे. चिरलेली भाजी वजन करायची, किलोला २० ग्रॅम मीठ, हाताने चांगलं चोळायचं आणि अर्धापाऊण तास ठेवायची. तळाला किती पाणी साठतं ते बघून दचकाल. मग मूठ मूठ घेऊन घट्ट पिळा, खारट वाटली तर एकदा धुऊन परत पिळा, आणि मगच वरचं सगळं घाला. मीठ नि साखर भाजीतलं पाणी ओढून काढतातच, तुमच्याकडे ते काम सोया सॉसमधल्या मिठाने रात्री डब्यात केलं एवढंच. मुळ्याचा वास पण त्या पाण्याबरोबर बराचसा जातो, तरी मुळा एकच घ्या.

फोंड्याची_खादाड:
अर्र. मी उलट पातळ झालं म्हणून सकाळी अजून सोया सॉस ओतला 🤦

आल्याचा_तुकडा:
पिळायचं बरोबर, पण दोन गोष्टी राहिल्या. एक म्हणजे सोया सॉस. तुमचा डार्क असणार, तो रंगासाठी असतो, इथे लाइट घ्या, तो पातळ आणि जास्त खारट असतो म्हणून एक टेबलस्पून पुरे. दुसरं तेल. चिनी लोक वापरतात ते भाजलेल्या तिळांचं, काळपट तपकिरी, वासालाच शेवटी एक चमचा घालायचं. आपलं घाण्याचं तेल कच्च्या तिळांचं, त्याला तो वास येत नाही, कितीही ओता. ते मिळालं नाही तर पांढरे तीळ तांबूस भाजून खलबत्त्यात ओबडधोबड कुटून घाला, मला तर तेच जास्त आवडतं. माडाचं विनेगर चालेल, पण घरच्याची आंबटाई प्रत्येक बाटलीत वेगळी, त्यामुळे आधी चमचाभर चाखा, मग ठरवा. मी तीन टेबलस्पून विनेगरला एक टेबलस्पून साखर घेते.

तिरफळ_फॅन:
कोणीच तिरफळाचं नाव काढलं नाही?? सिचुआन मिरी म्हणतात ती आपल्या तिरफळाचीच बहीण, एकाच वंशातलं झाड. बांगड्याच्या उडदमेथीत घालतो तेच. आतली काळी बी काढून टाकायची, टरफलं पाचसहाच, कोमट तेलात दोन सुक्या मिरच्यांबरोबर मंद आचेवर टाकून वास सुटला की गॅस बंद, आणि ते तेल गाळून पिळलेल्या भाजीवर. जिभेला हलक्या झिणझिण्या येतात. चव थोडी वेगळी, आपल्याकडची जास्त लिंबासारखी, पण कुटुंब तेच. जास्त घातलीत तर जीभ बधिर, मग मला शिव्या देऊ नका.

पणजीचा_पाहुणा:
पण खरं चायनीज तर आंबवतात ना? पावचाय.

पिळून_घ्या:
ती वेगळीच गोष्ट हो. पावचाय म्हणजे मिठाच्या पाण्यात बुडवून आंबवलेली भाजी, व्हिनेगर लागतच नाही, आंबटपणा जिवाणू आणतात. त्याच्या बरणीच्या तोंडाभोवती पाण्याची खोबण असते, झाकण त्यात बसतं, आतला गॅस बाहेर जातो पण हवा आत येत नाही. ताईंना हवं ते लिआंगबान, म्हणजे थंड कालवलेलं. रविवारी पाहुणे असताना आंबवण्याचे प्रयोग नकोत.

फोंड्याची_खादाड:
अपडेट. मूठ मूठ पिळलं, किलोभर भाजीतनं पेलाभर पाणी निघालं! मुळा एकच, नवलकोल मात्र दोन घातले, कोबीपेक्षा तेच कुरकुरीत राहिलं. तिरफळं चारच घातली, घाबरून. फ्रीजमध्ये दोन तास ठेवून वाढलं, डब्याच्या तळाला चमचाभरच पाणी. सासूबाईंनी दुसऱ्यांदा घेतलं आणि वर म्हणाल्या, कोशिंबीरच आहे ही, फक्त दही विसरलीस.