'तीन बहिणी' लागवड आणि इरोक्वाय कथा

परसबाग_कुडाळ: शाळेच्या बागेत इरोक्वाय (उत्तर अमेरिकेतले मूळ रहिवासी) लोकांच्या पद्धतीने मका, घेवडा, भोपळा या 'तीन बहिणी' एकत्र लावायच्यायत. जूनमध्ये लावू का? मुलांना गोष्टही सांगायचीय.

वायंगणी: जूनमध्ये नको ताई, आपल्या पावसात मक्याची मुळं कुजतात. भात कापून झाल्यावर, नोव्हेंबरात लावा. वीतभर उंच, दोन फूट रुंद ढिगारे करा, मध्यापासून मध्यापर्यंत चार फूट. प्रत्येकात शेणखत आणि मक्याचे चार दाणे. मका वीतभर झाला की भोवती वेलाचा घेवडा, आठवड्याने भोपळा. घाई केलीत तर घेवडा मक्यावर चढून त्यालाच आडवा पाडतो. बुटका घेवडा घेऊ नका, तो चढतच नाही. आणि ढिगारे एका रांगेत नकोत, चौकोनात ठेवा. नाहीतर परागीकरण अर्धवट होऊन कणसं बोडकी राहतात. घेवडा नत्र देतो म्हणून खत टाळू नका, त्यातलं बरंचसं तो स्वतःच वापरतो.

जुनी_पोथी: गोष्टीची रूपं बरीच आहेत. एका रूपात आकाशातून पडलेली स्त्री कासवाच्या पाठीवर उतरते, मस्करॅट (पाण्यात राहणारा उंदरासारखा प्राणी) समुद्रतळाचा चिखल आणतो, त्याची जमीन होते. तिची मुलगी जुळ्यांना जन्म देताना मरते; तिच्या देहातून ही तिन्ही पिकं उगवतात. हे लोक स्वतःला हौदेनोसौनी म्हणवतात. त्यांच्या संघात आधी पाच राष्ट्रं (जमाती) होती, १७२२ च्या सुमारास टस्करोरा सहावं.

परसबाग_कुडाळ: आभार. मका खायचा कसा?

वायंगणी: इरोक्वाय लोक वाळलेला कडक मका लाकडाच्या चाळलेल्या राखेच्या पाण्यात उकळून सालं काढत. अ‍ॅल्युमिनियमचं पातेलं नको, राखेचं पाणी त्या धातूला खातं. नंतर चार-पाच पाण्यांतून धुवा.