कोरियन सासरे, नऊ वर्षांची लेक आणि एक ‘नॉ’

एलएची_सून: नवरा कोरियन, सहाव्या वर्षी आईवडिलांबरोबर लॉस एंजेलिसला आलेला. सासऱ्यांची लाँड्री आहे. परवाच्या रविवारी जेवायला बसल्यावर लेक लाडात आजोबांना म्हणाली, ‘नॉ, बाप मॉगॉ!’ म्हणजे ‘तू जेव!’ सासऱ्यांनी उचललेला चमचा खाली ठेवला. मोठ्यांनी घास घेतल्याशिवाय इथे कुणी सुरुवात करत नाही, त्यामुळे अख्खं टेबल ताटकळलं. आजोबा तिला रोज जे म्हणतात तेच बिचारीनं त्यांना म्हटलं होतं! त्यात नवरा इंग्रजीत बोलला, ‘डॅड, लहान आहे ती.’ मग तर ते उठूनच गेले. आठवडा झाला, फोन नाही. काय करू?

सोलवासी: आपल्याकडे ‘ए आजोबा’ खपतं, उलट गोड वाटतं. कोरियनमध्ये मोठ्यांना ‘तुम्ही’सुद्धा म्हणत नाहीत, नात्यानंच हाक मारायची: हाराबोजी. क्रियापद बदलतं, इतकंच काय, जेवणाचा शब्दही बदलतो. ‘बाप’चं ‘जिंजी’ होतं. लेकीकडून ‘हाराबोजी, जिंजी दुसेयो’ एवढं घोटून घ्या.

खवचट_काका: इतकी वर्षं अमेरिकेत काढून नातीवर रुसायचं? कमाल आहे.

एलएची_सून: काका, रुसवा नातीवर नाहीच, असं मला आता वाटायला लागलंय. २९ एप्रिल १९९२ ला इथे लॉस एंजेलिसमध्ये उसळलेल्या दंगलीत त्यांचं पहिलं दुकान जळालं. कोरियन लोक तिला ‘साइगू’ म्हणतात, म्हणजे चार-दोन-नऊ: चौथा महिना, एकोणतीस तारीख. हजारो कोरियन दुकानांचं नुकसान झालं होतं. नवरा तेव्हा बारा वर्षांचा. भरपाईचे कागद वाचून वडिलांना समजावणारा, अधिकाऱ्यांशी बोलणारा तोच. घरातलं मोठेपण तेव्हाच त्याच्याकडे गेलं, आणि पुढे तो वडिलांशी इंग्रजीतच बोलू लागला. इंग्रजीत काय, सगळेच ‘यू’.

सोलवासी: मग नवऱ्यालाच फोन करायला सांगा की.

एलएची_सून: सांगून पाहिलं. ‘नंतर’ म्हणाला. शेवटी काल लेकीनंच लावला. दुपारचे चार वाजलेले, तरी पाठ केलेलं ‘जिंजी दुसेयो’ म्हणून मोकळी झाली. सासरे खो-खो हसले. मग विचारलं, ‘बाबानं शिकवलं?’ ती म्हणाली, ‘नाही, आईनं.’ त्यावर बराच वेळ फोनमधून नुसता इस्त्रीच्या वाफेचा आवाज येत होता.